ग्रँडमास्टर (बुद्धिबळ)

ग्रँडमास्टर हा बुद्धिबळातला सर्वोच्च किताब. जगज्जेतेपद राखावे लागते, हा किताब राखावा लागत नाही. जागतिक बुद्धिबळ महासंघाने, म्हणजे फिडेने, एकदा दिला की तो तहहयात राहतो; रेटिंग, म्हणजे खेळाडूची ताकद दाखवणारा आकडा, घसरले किंवा खेळ सुटला तरी जात नाही. फसवणूक सिद्ध झाली तरच तो काढून घेतात. नाशिकमध्ये हा शब्द घरोघरी पोहोचला तो तिथेच वाढलेले ग्रँडमास्टर विदित गुजराथी यांच्यामुळे. किताब मिळाला म्हणजे सगळे मिळवून झाले, असा पालकांचा एक समज असतो. विदित यांची कारकीर्द वर्षावार पाहिली तर हा समज टिकत नाही, म्हणून इथे तिच्याकडे जरा सविस्तर पाहिले आहे.

फिडेची स्थापना १९२४ साली पॅरिसमध्ये झाली. किताब अधिकृतपणे द्यायला सुरुवात १९५० मध्ये झाली आणि पहिल्या यादीत २७ नावे होती. पुढे अर्पाद एलो या प्राध्यापकांची गुणांकनपद्धत, म्हणजे रेटिंगची पद्धत, १९७० मध्ये स्वीकारली गेली आणि किताबाला आकड्यांचा पाया मिळाला. आजचा मुख्य नियम असा : रेटिंग एकदा तरी २५०० ला पोहोचले पाहिजे आणि एकूण किमान २७ डावांत मिळून तीन नॉर्म, म्हणजे एखाद्या स्पर्धेतली ठरलेल्या दर्जाची कामगिरी, पुरे झाले पाहिजेत.

खरी कसोटी नॉर्मची. साधारणपणे नऊ फेऱ्यांच्या स्पर्धेत २६०० च्या तोडीची कामगिरी करावी लागते, प्रतिस्पर्ध्यांत किमान तीन ग्रँडमास्टर लागतात आणि परदेशी खेळाडूही लागतात. प्रतिस्पर्ध्यांचे सरासरी रेटिंग २३८० असेल तर नऊपैकी सात गुण हवेत, २४७५ असेल तर सहा पुरतात. अर्धा गुण कमी पडला की नॉर्म हुकला. शेवटच्या फेरीत बरोबरी पुरते की जिंकावेच लागते, हा हिशेब खेळाडूच्या डोक्यात पहिल्या चालीपासून चालू असतो. असे प्रतिस्पर्धी एकत्र मिळतील अशी स्पर्धा आपल्या गावात सहसा भरत नाही. त्यामुळे जिल्ह्याच्या ठिकाणच्या खेळाडूच्या वाट्याला प्रवास येतो आणि त्याचा खर्च घरावर पडतो.

भारताला पहिला ग्रँडमास्टर १९८८ मध्ये विश्वनाथन आनंद यांच्या रूपाने मिळाला. १९९१ मध्ये दिब्येंदू बारुआ, १९९७ मध्ये मुंबईचे प्रवीण ठिपसे आणि २००० मध्ये पुण्याचे अभिजित कुंटे, असा पुढचा क्रम आहे. म्हणजे पहिल्या चारांत दोन मराठी नावे. सांगलीला भाऊसाहेब पडसलगीकरांनी घडवलेली परंपरा आणि मुंबईच्या खाडिलकर भगिनी लक्षात घेतल्या तर याचे नवल वाटत नाही. नाशिकमागे अशी जुनी परंपरा नव्हती, हे इथे मुद्दाम नोंदवायला हवे.

विदित संतोष गुजराथी यांचा जन्म २४ ऑक्टोबर १९९४ रोजी इंदूरला झाला. वाढले ते नाशिकमध्ये. आईवडील दोघेही डॉक्टर, शाळा फ्रावशी अकॅडमी. २००८ मध्ये व्हिएतनाममधील वुंग ताऊ येथे त्यांनी ११ पैकी ९ गुण मिळवून १४ वर्षांखालील जागतिक विजेतेपद जिंकले. ग्रँडमास्टरचा पहिला नॉर्म २०११ मध्ये नागपूरला मिळाला, दुसरा त्याच वर्षी चेन्नईतील जागतिक ज्युनियर स्पर्धेत. जानेवारी २०१३ मध्ये ते भारताचे तिसावे ग्रँडमास्टर झाले. त्याच वर्षी जागतिक ज्युनियर स्पर्धेत त्यांना कांस्यपदक मिळाले.

इथून पुढची चढण सगळ्यात कठीण असते. २४०० ओलांडल्यावर रेटिंग किती हलते हे ठरवणारा गुणक दहावर येतो. तोडीच्या खेळाडूला हरवले तर रेटिंगचे पाच गुण वाढतात, हरलात तर पाच जातात, डाव बरोबरीत सुटला तर काहीच हलत नाही. २५०० वरून २७०० ला जायचे म्हणजे तोडीस तोड खेळाडूंविरुद्ध पराभवांपेक्षा चाळीस विजय जास्त हवेत, तेही खेळ खालावू न देता. विदित यांनी २०१७ मध्ये २७०० ओलांडले. तिथवर पोहोचलेले ते चौथे भारतीय. २०१८ मध्ये त्यांनी नेदरलँड्समधील टाटा स्टील स्पर्धेचा चॅलेंजर्स गट १३ पैकी ९ गुणांनी जिंकला. २०२० च्या ऑनलाइन ऑलिंपियाडमध्ये, म्हणजे देशोदेशीच्या संघांच्या स्पर्धेत, ते भारताचे कर्णधार होते आणि रशियासह संयुक्त सुवर्णपदक मिळाले.

माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीतली सर्वांत मोठी कामगिरी २०२३ ची. आयल ऑफ मॅन बेटावरच्या ग्रँड स्विस स्पर्धेत पहिल्याच फेरीत ते एर्विन लामी यांच्याकडून हरले. अकरा फेऱ्यांच्या एवढ्या तगड्या स्पर्धेत असा पराभव झाला की बहुतेकांची स्पर्धा तिथेच संपते. त्यांनी उरलेल्या दहा डावांत साडेआठ गुण घेतले, हिकारू नाकामुरा यांना अर्ध्या गुणाने मागे टाकून पहिला क्रमांक पटकावला आणि जगज्जेत्याचा आव्हानवीर ठरवणाऱ्या कँडिडेट्स स्पर्धेत जागा मिळवली. त्याच ठिकाणी महिलांची स्पर्धा आर. वैशाली यांनी जिंकली.

एप्रिल २०२४ मध्ये टोरांटोला आठ जणांची कँडिडेट्स झाली. दुसऱ्या फेरीत नाकामुरांविरुद्ध काळी मोहरी घेऊन विदित यांनी बर्लिन बचाव स्वीकारला. हा बचाव भक्कम पण कोरडा समजला जातो. अकराव्या चालीला त्यांनी उंट देऊन एच-३ या घरातले प्यादे मारले आणि पांढऱ्या राजापुढची भिंत उघडी पाडली. नाकामुरांना त्या राजाला सावरता आले नाही. परतीच्या डावातही विदित यांनीच बाजी मारली. तरीही १४ फेऱ्यांत सहाच गुण जमले आणि सहाव्या क्रमांकावर समाधान मानावे लागले. नऊ गुणांसह डी. गुकेश पहिले आले. सप्टेंबरमध्ये बुडापेस्टच्या ऑलिंपियाडमध्ये मात्र चौथ्या पटावर विदित यांनी १० डावांत साडेसात गुण घेतले. भारताला खुल्या गटातले पहिले सुवर्णपदक मिळवून देण्यात त्यांचा भरीव वाटा आहे.

नॉर्मच्या वाटेला अपवादही आहेत. काही मोठ्या स्पर्धांच्या विजेत्याला किताब थेट मिळतो. नागपूरच्या दिव्या देशमुख यांनी जुलै २०२५ मध्ये बाटुमी येथे महिला विश्वचषक जिंकला तेव्हा त्यांच्याकडे ग्रँडमास्टरचा एकही नॉर्म नव्हता. त्या विजयानेच त्या भारताच्या ८८ व्या ग्रँडमास्टर झाल्या.

आज नाशिकच्या मुलाची सुरुवात होते ती रविवारच्या स्पर्धेत, शाळेच्या सभागृहात नाहीतर एखाद्या मंगल कार्यालयात. पेअरिंग, म्हणजे कोणाचा डाव कोणाशी याची यादी, लागली की मुले आपला पट क्रमांक शोधत आत पळतात आणि आईवडील बाहेर डबे सांभाळत बसतात. जलद डावांच्या या स्पर्धांतून हात बसतो, पण नॉर्म मिळतात ते दिवसाला एक किंवा दोन डाव असणाऱ्या दीर्घ स्पर्धांत. तिथे प्रत्येक चाल स्वतःच्या हाताने नोंदवावी लागते आणि चार-पाच तास खुर्चीत बसण्याचा दम लागतो. क्लासिकल, म्हणजे या दीर्घ डावांच्या, रेटिंगची सुरुवात १४०० पासून होते. तिथून २५०० पर्यंतच्या वाटेवर मुंबई, पुणे, नागपूर, चेन्नई ही मुक्कामाची ठिकाणे आजही ठरलेलीच आहेत.