जुनं व्हर्जन, नवी सही

नागपुरातल्या बर्डीच्या मोबाईल दुकानांत ही मागणी नेहमीची: "भाऊ, व्हॉट्सअ‍ॅपचं जुनं व्हर्जन टाकून द्या ना." पूर्वी ते सोपं होतं. ब्लूटूथ, मेमरी कार्ड, नंतर शेअरइट (जून २०२० मध्ये भारतात बंदी येईपर्यंत) असं करत एपीके, म्हणजे अँड्रॉइड अ‍ॅपची फाइल, या फोनातून त्या फोनात जायची. प्ले स्टोअरबाहेरचं अ‍ॅप टाकू देणारं ‘अननोन सोर्सेस’चं एकच बटण असायचं. २०१७ च्या अँड्रॉइड ८ मध्ये ते गेलं आणि ब्राउझर, फाइल मॅनेजर अशा प्रत्येकाला वेगळी परवानगी लागू लागली.

खरा घोळ ‘जुनं’ या शब्दात आहे. कंपनीनेच पूर्वी काढलेली आवृत्तीही जुनी, आणि परक्या कुणी फेरफार करून ‘जीबी’ नावाने फिरवलेलीही लोकांच्या बोलण्यात जुनीच. दोन्हींतला फरक डिजिटल सहीचा, म्हणजे फाइल कुणी बनवली हे ओळखू देणाऱ्या छापाचा. फोनातल्या अ‍ॅपवर वेगळ्या सहीची फाइल अपडेट म्हणून बसत नाही. सही जुळली, पण आवृत्तीचा क्रमांक खालचा असला, तरीही अँड्रॉइड अडवतं. मग आधीचं अ‍ॅप काढून टाकावं लागतं, आणि नेमकी तिथेच राखण सुटते: सही जुळवून पाहायला फोनात काही उरतच नाही, म्हणून परक्या सहीची फाइलही बिनबोभाट बसते. चॅट जातात ते वेगळंच. नव्या आवृत्तीचा बॅकअप जुनीला वाचता येईलच, याची खात्री नाही. म्हणून सही पडताळायची ती अ‍ॅप काढण्याआधी.

खालच्या आवृत्तीवर उतरू न देण्याचा हा नियम अनेकांना जाच वाटतो. तो योग्यच आहे. मे २०१९ मध्ये व्हॉट्सअ‍ॅप कॉलमधली त्रुटी उघड झाली. कॉल उचलला नाही तरी हेरगिरीचं सॉफ्टवेअर फोनात शिरू शकत होतं. अँड्रॉइडवर ती २.१९.१३४ मध्ये बुजवली गेली. त्याआधीची फाइल शंभर टक्के अस्सल असली, तरी भोक तसंच. सही फाइल कुणाची ते सांगते, ती सुरक्षित आहे का ते नाही.

जुन्या फोनवाल्यांची अडचण मात्र खरी आहे. ऑक्टोबर २०२३ मध्ये व्हॉट्सअ‍ॅपने किमान अँड्रॉइड ५ ची अट घातली, आणि जुनी आवृत्ती टाकली तरी मुदत संपली की ती स्वतःच अपडेट मागते.

अलीकडे लग्नपत्रिकेच्या नावाखाली एपीके पाठवून खाती रिकामी होऊ लागली. २०२४ मध्ये भारतात प्रायोगिक बंदोबस्त जाहीर झाला: इंटरनेटवरून बाहेरून आलेलं, एसएमएस वाचण्यासारखी परवानगी मागणारं अ‍ॅप फोनच रोखतो. एके काळी एसएमएसही सांभाळणाऱ्या सिग्नल या मेसेजिंग अ‍ॅपची जुनी, अस्सल आवृत्तीसुद्धा त्यात अडकू शकते.