जॉकी हा पेशा आला कुठनं

चिकोडी तालुक्यातल्या अंकलीतनं, शितोळे सरकारांच्या वाड्यावरनं, माऊलींचे अश्व दरवर्षी पायी आळंदीला निघतात हे आमच्याकडं पोरासोरांना पण माहीत असतं. 1832 पासनंची ही रीत. मिरज-सांगली करत पुढं जातात. एका घोड्यावर जरीपटका घेतलेला स्वार असतो आणि दुसरा माऊलींचा, त्याच्यावर कुणी बसत नाही. यंदा बघायला गेलो तर आठवीतला भाचा म्हणाला, मामा, रेसमध्ये घोडं पळवणाऱ्याला पगार असतो काय हो? तिथं गर्दीत धड सांगता आलं नाही, म्हणून इथं सविस्तर लिहायलोय.

मुळात जॉकी, म्हणजे रेसमध्ये घोड्यावर बसणारा, असा वेगळा माणूसच नव्हता. इंग्लंडात दोन जमीनदार पैज लावायचे आणि आपापल्या घोड्यावर स्वतःच बसायचे, मग वय झालं, पोट सुटलं की घोडं बघणाऱ्या पोराला बसवायला लागले. जॉकी हा शब्द पण तसलाच आहे, जॉन नावाच्या पोराला जॉक म्हणायचे, त्याचं अजून बारकं रूप, आपण गणपतचा गण्या करतो तसं. आणि 1750 च्या सुमारास जो जॉकी क्लब निघाला त्यात सगळे लॉर्ड लोक, घोड्यावर बसणारा पोरगा त्यात कुठंच नाही! मालकाच्या नावानं ठरलेला रंगीत शर्ट घालायचा हा नियम 1762 चा, म्हणजे लांबनं बघणाऱ्याला मालक कळावा, स्वार नाही कळला तरी चालतंय. हे वाचलं तेव्हा मला खरंच वाईट वाटलं.

पण स्वाराची किंमत वाढली ती रेसच बदलल्यामुळं. आधी पाच-सहा वर्षांची दणकट घोडी चार-चार मैल, ते पण एका दिवसात दोन-तीनदा पळवायचे, अंगावर वजन पण भरपूर. मग 1776 ला सेंट लेजर आणि 1780 ला डर्बी ह्या रेस सुरू झाल्या, तीन वर्षांची कोवळी घोडी, एकच दौड, अंतर कमी. मग हलका स्वार पाहिजे आणि दम कुठं राखायचा, कुठं सोडायचा हे कळणारा पाहिजे. तिथनं हा पेशा झाला आणि तिथनंच वजनाचं दुखणं पण मागं लागलं. फ्रेड आर्चर म्हणून जॉकी होता, सलग 13 वर्षं इंग्लंडचा चॅम्पियन, 2,748 रेस जिंकलेला, पण उंची जवळजवळ पावणेसहा फूट. वजन उतरवायला जेवण तोडायचा, जुलाबाचं औषध घ्यायचा, शेवटी 1886 ला तापात असताना स्वतःवर गोळी झाडून घेतली, वय 29.

दुसरा मोठा बदल बसण्याचा. जुने जॉकी लांब रिकिबीत पाय सोडून ताठ बसायचे. 1897 ला अमेरिकेचा टॉड स्लोन इंग्लंडात आला तो रिकीब आखूड करून, मानेजवळ ओणवा होऊन. लोक हसले, माकडासारखा बसलाय म्हणाले, आणि तो जिंकत सुटला. कारण असं की स्वार खोगिरावर टेकतच नाही, गुडघ्यात झोका घेऊन स्वतःचं अंग स्थिर धरतो, मग घोड्याला प्रत्येक टापेला ते वजन वर-खाली न्यायला लागत नाही. त्या काळात रेसच्या वेळा 5 ते 7 टक्क्यांनी सुधारल्या. आज जगात सगळे तसेच बसतात, पण मांड्या आणि पाठ किती भरून येत असेल ते बसून बघणाऱ्यालाच कळेल.

आपल्याकडं हे सगळं पलटणींबरोबर आलं. मुंबईत 1802 ला भायखळ्याला रेसचा क्लब, आखातातनं बोटीनं आलेली अरबी घोडी, बसणारे बरेचदा साहेबच. पुण्यात कॅम्पातलं रेसकोर्स 1830 चं, मुंबईतलं महालक्ष्मी 1883 चं, म्हैसूरचा रेस क्लब 1891 चा. बेळगावात कॅम्पाकडं रेसकोर्स हे नाव तेवढं राहिलंय, आता तिथं गोल्फ मैदान, 2022 ला बिबट्या शिरला आणि शाळा बंद ठेवायला लागल्या ते तेच.

नंतर संस्थानिक मालक झाले, पण स्वार बाहेरचे. पहिली इंडियन डर्बी 1943 ला बडोद्याच्या महाराजांच्या प्रिन्सेस ब्यूटिफुल घोडीनं मारली, वर ऑस्ट्रेलियाचा एडगर ब्रिट. तबेल्यात घोडं घासणारे, फिरवणारे मोतद्दार मात्र आपले, आणि असल्याच घरातली पोरं पहाटे घोडं फिरवता फिरवता शिकली. मग पांडू खाडे, शामू चव्हाण, वसंत शिंदे ही मराठी नावं रेसकार्डावर आली, मला ह्यांच्याबद्दल फार वाटतं, कारण बक्षिसाच्या फोटोत मालक पुढं आणि हे बाजूला. पुढं पेसी श्रॉफ हा जॉकी 8 इंडियन डर्बी आणि 1,751 रेस जिंकून 2004 ला थांबून ट्रेनर झाला. पण प्रत्येकाला एवढं मिळत नाही, 1979 ला कार्ल उम्रीगर महालक्ष्मीवर पडला आणि त्यातच गेला.

आता भाच्याचा पगार. जॉकीला प्रत्येक रेसला बसायची फी आणि जिंकलं तर बक्षिसातला हिस्सा, बांधील पगार मोठ्या मालकानं करार केला तरच. सुरुवात अप्रेंटिस म्हणून, तेव्हा घोड्यावर ठरवून दिलेलं वजन काही किलो कमी करून देतात, म्हणजे ट्रेनर नवख्याला बसवायला तयार होतो, आणि जसजसं जिंकत जाईल तशी ती सवलत उतरत जाते. रेस झाली की खोगिरासकट काट्यावर उभं राहायचं, ठरलेल्यापेक्षा वजन कमी भरलं तर जिंकलेलं पण जातंय.

आमच्या भागात घोडागाडीची शर्यत मारणारे, घोड्याचा दम ओळखणारे लोक आहेत, पण ट्रॅकला जायचं तर बेळगावातनं पुणे साधारण 340 किलोमीटर, बेंगळुरू 500. भाच्याला सांगितलं, तुझा बाप पावणेसहा फूट आहे, तू पण वाढशील, आणि सुरुवातीला लीद काढायला लागते. तो म्हणाला, म्हशींचं शेण रोज मीच काढतोय की.