बोरघाटाची रेल्वे नक्की कुणाची?

‘बोरघाट अ‍ॅलिस ट्रेडवेल या महिला इंजिनियरने बांधला’ ही माहिती सर्रास फिरते. अ‍ॅलिस इंजिनियर नव्हत्या. घाटाचं कंत्राट घेतलेले त्यांचे पती सॉलोमन 1859 मध्ये भारतात आल्यावर काही आठवड्यांतच वारले. कंत्राट त्यांनी सोडलं नाही, पण प्रत्यक्ष काम अ‍ॅडमसन आणि क्लाउझर यांच्यावर सोपवलं. (हेही काही कमी नाही!)

आखणी जीआयपीचे (ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वे कंपनीचे) मुख्य इंजिनियर जेम्स बर्कली यांची. इंग्लंडात नामवंत रेल्वे इंजिनियर रॉबर्ट स्टीफन्सनच्या हाताखाली तयार झालेले, 1850 मध्ये मुंबईत आले. सुमारे 25 किलोमीटरमध्ये 558 मीटर चढ, 25 बोगदे. सर्वांत तीव्र चढ 37 फुटांत एक फूट. वळायला जागाच नव्हती तिथे रिव्हर्सिंग स्टेशन: गाडी थांबायची, इंजिन मागच्या टोकाला जोडायचं, उलट दिशेने पुढे. 1863 मध्ये घाट सुरू झाला. बर्कली 1862 मध्येच वारले होते.