डिबाय लांबी: मिठाच्या द्रावणातून प्लाझ्माकडे

प्लाझ्माचा, म्हणजे सुटे इलेक्ट्रॉन आणि आयन (प्रभारित अणू) असलेल्या वायूचा, अभ्यास सुरू करणाऱ्याला डिबाय लांबी अगदी सुरुवातीला भेटते. एखाद्या विद्युत प्रभाराचे क्षेत्र भोवती जमणाऱ्या विरुद्ध प्रभारांमुळे झाकले जाते, म्हणजे त्याचे आच्छादन होते, आणि ते किती अंतरात होते याचे माप म्हणजे ही लांबी. मात्र ही कल्पना मांडली गेली ती मिठाच्या द्रावणासाठी. १८८७ मध्ये अर्‍हेनियसने आयनांचा सिद्धान्त मांडल्यापासून एक कोडे रसायनशास्त्रज्ञांना छळत होते. मिठासारखे पदार्थ पाण्यात जवळजवळ पूर्णपणे आयनांत विभागले जातात, मग त्यांच्या द्रावणाचा गोठणबिंदू आयनांच्या संख्येवरून काढलेल्या हिशेबापेक्षा कमी का घसरतो? आयन एकमेकांना ओढतात आणि ढकलतात, त्यामुळे ते सुट्या कणांसारखे वागत नाहीत, हे कळत होते. अडचण बेरजेची होती. विद्युत बल अंतराच्या वर्गाच्या व्यस्त प्रमाणात कमी होते, पण दूरच्या आयनांची संख्या अंतरासोबत वाढत जाते, म्हणून बेरीज कुठे थांबवायची तेच ठरत नव्हते. १९१२ मध्ये मिल्नरने ती थेट करण्याचा प्रयत्न केला आणि गणित फार किचकट झाले.

१९२३ मध्ये झुरिकमध्ये पीटर डिबाय आणि एरिक ह्यूकेल यांनी वेगळी वाट घेतली. एका आयनावर लक्ष ठेवा, असे ते म्हणाले. त्याच्याभोवती विरुद्ध प्रभाराचे आयन सरासरीने थोडे जास्त आणि समान प्रभाराचे थोडे कमी असतील. किती जास्त आणि किती कमी, हे बोल्ट्झमनच्या नियमाने तापमानावरून ठरेल. तो प्रभार प्वासाँच्या समीकरणात (जे प्रभारावरून विद्युत विभव देते) घाला, आणि विद्युत ऊर्जा औष्णिक ऊर्जेपेक्षा बरीच लहान आहे असे धरून समीकरण रेषीय करा. उत्तरात साध्या कूलोम विभवाला, म्हणजे एकट्या उघड्या प्रभाराच्या विभवाला, एक घातांकी घसरण जोडलेली मिळते, आणि ती घसरण ज्या अंतराने मोजली जाते ती डिबाय लांबी. सपाट इलेक्ट्रोडसाठी गूई यांनी १९१० मध्ये आणि चॅपमन यांनी १९१३ मध्ये असेच समीकरण सोडवले होते, रेषीय न करता. तरी नाव डिबाय यांचे रुजले, कारण द्रावणाच्या आतल्या प्रत्येक आयनाला लागू होईल असे वापरायला सोपे सूत्र त्यांच्या मांडणीतून मिळाले.

या सूत्राबद्दल एक गोष्ट लक्षात ठेवावी. एक डिबाय लांबी अंतरावर प्रभाराचा प्रभाव संपत नाही, तो उघड्या प्रभाराच्या तुलनेत ३७ टक्के उरतो. तीन लांब्यांवर सुमारे ५ टक्के आणि पाच लांब्यांवर ०.७ टक्के उरतो. ‘डिबाय लांबीच्या पलीकडे क्षेत्र शून्य’ असे वाक्य सर्रास लिहिले जाते आणि त्यावरून उपकरणांची अंतरे ठरवली जातात. ती अंतरे मग अपुरी पडतात.

वायूच्या बाजूला त्याच काळात अर्व्हिंग लँगमूर काम करत होते. जनरल इलेक्ट्रिकच्या स्केनेक्टडी येथील प्रयोगशाळेत पाऱ्याच्या वाफेतल्या विद्युत विसर्जनात (वायूतून वीज वाहू दिली की तयार होणाऱ्या प्रभारित वायूत) ते धातूची छोटी तार, म्हणजे प्रोब, बुडवून तिच्यात शिरणारा प्रवाह मोजत. ऋण विभवावर ठेवलेल्या प्रोबभोवती धन आयनांचा पातळ थर तयार होतो आणि तो थर प्रोबचे क्षेत्र बाकीच्या वायूपर्यंत पोहोचू देत नाही, हे त्यांनी १९२३ मध्ये दाखवले. हाच शीथ. शीथच्या बाहेरचा, इलेक्ट्रॉन आणि आयन जवळजवळ समान संख्येने असलेला जो भाग, त्याला त्यांनी १९२८ मध्ये प्लाझ्मा हे नाव दिले. १९२९ मध्ये लुई टाँक्स यांच्यासोबत आयनीभूत वायूतल्या दोलनांवर लिहिताना डिबाय यांची लांबी इलेक्ट्रॉनांच्या वायूला लावली गेली. पाण्याचा डायइलेक्ट्रिक स्थिरांक गेला, त्या जागी निर्वाताचा आला. द्रावणाचे तापमान गेले, त्या जागी इलेक्ट्रॉनांचे तापमान आले. सूत्र तेच राहिले.

हिशेब सोपा आहे. इलेक्ट्रॉनव्होल्टमधल्या (१ इलेक्ट्रॉनव्होल्ट म्हणजे सुमारे ११,६०० केल्विन) इलेक्ट्रॉन तापमानाला दर घनमीटरमधल्या इलेक्ट्रॉनांच्या संख्येने भागायचे, वर्गमूळ काढायचे आणि ७४३४ ने गुणायचे. लांबी मीटरमध्ये मिळते. प्रयोगशाळेतल्या साध्या विसर्जनात तापमान २ इलेक्ट्रॉनव्होल्ट आणि घनता १० चा १६ वा घात असेल, तर उत्तर सुमारे ०.१ मिलिमीटर येते. आयनोस्फियरच्या, म्हणजे वातावरणाच्या वरच्या आयनीभूत भागाच्या, दाट थरात घनता १० चा १२ वा घात आणि तापमान ०.१ इलेक्ट्रॉनव्होल्ट धरले तर अडीच मिलिमीटरच्या आसपास. टोकामाकच्या (चुंबकीय क्षेत्राने प्लाझ्मा कोंडणाऱ्या संलयन यंत्राच्या) गाभ्यात, १० किलो-इलेक्ट्रॉनव्होल्ट आणि १० चा २० वा घात या आकड्यांना, ७४ मायक्रोमीटर. पृथ्वीजवळच्या सौर वाऱ्यात, घनसेंटिमीटरमागे ५ इलेक्ट्रॉन आणि १० इलेक्ट्रॉनव्होल्ट धरून, सुमारे १० मीटर.

डिबाय लांबी ही त्रिज्या मानून एक गोल काढावा आणि त्यातले कण मोजावेत. डिबाय यांची मांडणी ‘सरासरी’ प्रभारावर उभी आहे, तेव्हा गोलात पुष्कळ कण असले तरच त्या सरासरीला अर्थ राहतो. लिटरमागे ०.१ मोल मीठ असलेल्या पाण्यात डिबाय लांबी ०.९६ नॅनोमीटर आहे आणि त्या गोलात सरासरी अर्धाच आयन बसतो. शंभरपट विरळ केलेल्या द्रावणातही जेमतेम चार-पाच. प्रयोगशाळेतल्या विसर्जनात मात्र सुमारे पन्नास हजार इलेक्ट्रॉन बसतात, टोकामाकमध्ये दहा कोटींहून अधिक, सौर वाऱ्यात अब्जावधी. ज्या गृहीतकावर ही कल्पना उभी राहिली ते द्रावणात ओढूनताणून लागू होते आणि प्लाझ्मात अगदी सहज लागू होते. तिचे खरे घर प्लाझ्मा आहे, असे आमचे मत याच आकड्यांवरून बनले आहे.

पुढच्या काळात या लांबीकडे दुसऱ्या बाजूनेही पाहता येऊ लागले. इलेक्ट्रॉनचा औष्णिक वेग प्लाझ्माच्या कोनीय वारंवारतेने, म्हणजे इलेक्ट्रॉनांच्या सामूहिक दोलनाच्या वारंवारतेने, भागला की डिबाय लांबीच मिळते. एका दोलनाच्या अल्पशा भागात इलेक्ट्रॉन जितका सरकतो तितके हे अंतर. म्हणून प्लाझ्मातली तरंगलांबी डिबाय लांबीच्या तुलनेत किती मोठी, यावर लाटेचे भवितव्य ठरते. १९३८ मध्ये व्लासोव यांनी कणांच्या टकरी बाजूला ठेवून सामूहिक क्षेत्राचे समीकरण लिहिले आणि १९४६ मध्ये लेव्ह लँडाऊ यांनी त्यातून टकरींविना होणारे शमन, म्हणजे लाटेचे विझत जाणे, दाखवले. तरंगसंख्या (२π भागिले तरंगलांबी) आणि डिबाय लांबी यांचा गुणाकार ०.१ असेल तर शमन नगण्य असते. तोच ०.५ झाला की लाट प्लाझ्मा वारंवारतेच्या ०.१५ पट दराने विझते, म्हणजे एकदोन दोलनांतच तिची ताकद निम्म्याहून खाली येते. मालमबर्ग आणि व्हार्टन यांनी १९६४ मध्ये हे प्रयोगात मोजले.

या लांबीचा सर्वांत बोलका वापर रडारमधून पुढे आला. १९५८ मध्ये विल्यम गॉर्डन यांनी असे सुचवले की आयनोस्फियरमधले इलेक्ट्रॉन रेडिओ लहरी सुटेसुटे विखुरतील आणि मोठी डिश असेल तर तो क्षीण प्रतिध्वनी पकडता येईल. इलेक्ट्रॉन फार वेगाने हलतात, म्हणून प्रतिध्वनी वारंवारतेत खूप पसरेल, हे धरूनच हिशेब झाला. पोर्तो रिकोतल्या अरेसिबोची ३०५ मीटरची डिश या विचारातून आली. त्याच वर्षी केनेथ बाउल्स यांनी सुमारे ४१ मेगाहर्ट्झच्या रडारने प्रत्यक्ष प्रतिध्वनी मिळवला, आणि त्याचा पसारा अपेक्षेपेक्षा कितीतरी अरुंद निघाला. तो जड आयनांच्या वेगाशी जुळणारा होता. कारण पुढच्या दोनतीन वर्षांत सॉल्पीटर, फेयर, डॉहर्टी व फार्ली (दोघांनी मिळून) आणि हागफोर्स यांनी स्वतंत्रपणे उलगडले. रडारची तरंगलांबी मीटरमध्ये, डिबाय लांबी मिलिमीटरमध्ये. इतक्या मोठ्या मापावर रडारला सुटा इलेक्ट्रॉन दिसत नाही, आयनाभोवती जमलेला इलेक्ट्रॉनांचा घोळका दिसतो, आणि तो घोळका आयनाच्या वेगाने सरकतो. १९६३ मध्ये सुरू झालेले अरेसिबो ४३० मेगाहर्ट्झवर, म्हणजे ७० सेंटिमीटर तरंगलांबीवर काम करत होते, तरीही ही लांबी डिबाय लांबीच्या शेकडो पट होती. संकेत अरुंद पट्ट्यात एकवटल्यामुळे त्याला मूळ हिशेबापेक्षा कितीतरी स्वच्छ मोजमाप मिळाले.

याच्या अगदी उलट टोकाचे उदाहरण १९६९ चे आहे. इंग्लंडमधल्या कलम प्रयोगशाळेचे पथक मॉस्कोला गेले आणि टी-३ टोकामाकच्या प्लाझ्मात ६९४ नॅनोमीटरचा रुबी लेझर सोडून विखुरलेला प्रकाश त्यांनी मोजला. तिथे डिबाय लांबी दहा मायक्रोमीटरच्या काही पट, म्हणजे लेझरच्या तरंगलांबीहून कितीतरी मोठी. घोळका दिसण्याचा प्रश्नच नव्हता. प्रत्येक इलेक्ट्रॉनने स्वतःच्या वेगानुसार प्रकाशाचा रंग सरकवला आणि वर्णपटाच्या रुंदीवरून इलेक्ट्रॉनांचे तापमान थेट वाचता आले. ते १ किलो-इलेक्ट्रॉनव्होल्टच्या घरात निघाले आणि टोकामाक खरोखर इतका तापतो का ही शंका मिटली. विखुरण्याची मूळ क्रिया दोन्ही ठिकाणी तीच, फरक होता तो तरंगलांबी आणि डिबाय लांबी यांच्या गुणोत्तराचा.

कणांच्या टकरींच्या हिशेबात ही लांबी वरची सीमा म्हणून येते. १९३६ मध्ये लँडाऊ यांनी कूलोम टकरींचे (प्रभारित कणांनी विद्युत बलाने एकमेकांना वळवण्याचे) समीकरण लिहिले तेव्हा दूरच्या असंख्य सौम्य टकरींची बेरीज लॉगरिदमने वाढत जात होती. ती डिबाय लांबीवर तोडली जाते. हाच कूलोम लॉगरिदम. बहुतेक प्लाझ्मात तो १० ते २० असतो, आणि लॉगरिदम असल्यामुळे लांबीत दुपटीची चूक झाली तरी त्यात फक्त ०.७ चा फरक पडतो. इथे ढिलाई चालते.

शीथच्या बाबतीत चालत नाही. नेहमी होणारा घोळ असा, की सूत्रात इलेक्ट्रॉनांचे तापमान घालायचे की आयनही धरायचे? पूर्ण सूत्रात दोन्हींच्या लांब्यांच्या वर्गांचे व्यस्त मिळवले जातात. दोन्हींचे तापमान सारखे असेल तर उत्तर इलेक्ट्रॉन-लांबीच्या ०.७ पट येते आणि कुणाचे फार बिघडत नाही. पण वर घेतलेल्या विसर्जनात इलेक्ट्रॉन २ इलेक्ट्रॉनव्होल्टवर आणि आयन खोलीच्या तापमानाजवळ, म्हणजे ०.०३ वर असतात. इलेक्ट्रॉन-लांबी १०५ मायक्रोमीटर, तर आयनांसह लांबी १३ मायक्रोमीटर. आठपट फरक! प्लाझ्माच्या आत स्थिर असलेल्या प्रभाराला १३ हा आकडा योग्य आहे. वेगवान दोलनांत आयन हलूच शकत नाहीत, तिथे १०५ घ्यावा. शीथच्या कडेलाही १०५ च्या बाजूचाच आकडा लागतो, कारण १९४९ मध्ये बोम यांनी दाखवल्याप्रमाणे आयन तिथे प्लाझ्मातल्या आयन-ध्वनीच्या वेगाने शिरतात आणि इतक्या वेगात त्यांना मागे वळून आच्छादन करता येत नाही. धूळयुक्त प्लाझ्मात तर धुळीचा कण आतल्या भागात आहे की शीथजवळ तरंगतो आहे यावर आकडा बदलतो. म्हणून नुसती ‘डिबाय लांबी इतकी’ असे लिहिणे अपुरे आहे. कोणाची, कोणत्या तापमानाची, हे सोबत यायला हवे.

शीथची जाडी म्हणजे डिबाय लांबी हा दुसरा गैरसमज. प्रोब किंवा इलेक्ट्रोड जास्त ऋण केला तर जाडी चाइल्ड-लँगमूर नियमाने (जो व्होल्टेजवरून शीथची जाडी देतो) वाढते. २ इलेक्ट्रॉनव्होल्टच्या प्लाझ्मात १०० व्होल्ट दिले तर ती कडेवरच्या डिबाय लांबीच्या पंधरापट होते. कडेवर घनता मधल्या घनतेच्या ०.६१ पट असल्याने तिथली लांबी ०.१३ मिलिमीटर धरावी, म्हणजे शीथ दोन मिलिमीटरचा. दोन प्रोब दोन मिलिमीटर अंतरावर बसवले तर त्यांचे शीथ एकमेकांत शिरतात आणि मोजमाप निरुपयोगी होते. प्रोबच्या त्रिज्येचेही तसेच आहे. ०.१ मिलिमीटर त्रिज्येची तार या प्लाझ्मात डिबाय लांबीएवढीच आहे, म्हणून व्होल्टेज वाढवत नेले की शीथ फुगतो आणि आयन प्रवाह वाढतच राहतो. तो स्थिरावला असे मानून घनता काढली तर ती फुगवून येते. घनता १० चा १८ वा घात असती तर त्रिज्या दहा डिबाय लांब्यांची झाली असती आणि ही वाढ बरीच कमी असती. लाफ्राम्ब्वाज यांनी १९६६ मध्ये या गुणोत्तराच्या शून्यापासून शंभरपर्यंतच्या किमतींसाठी प्रवाहाची कोष्टके काढली. ती आजही वापरली जातात.

संगणकावर कणांचा प्लाझ्मा चालवणाऱ्यांना ही लांबी दुसऱ्याच तऱ्हेने भेटते. क्षेत्र मोजण्याच्या जाळीचे घर डिबाय लांबीहून फार मोठे ठेवले तर लहान तरंगलांब्या जाळीवर मोठ्या तरंगलांब्यांचे सोंग घेतात, आणि प्लाझ्मा कोणताही ऊर्जास्रोत नसताना तापू लागतो. कणाचा प्रभार शेजारच्या जाळीबिंदूंना वाटण्याच्या साध्या रेषीय पद्धतीत डिबाय लांबी घराच्या ०.३ पटीहून कमी झाली की हे सुरू होते. तापमान वाढते, तशी डिबाय लांबी वाढते, आणि ती घराच्या सुमारे ०.३ पट झाल्यावरच तापणे मंदावते. तोपर्यंत आपण घातलेले तापमान हरवलेले असते. म्हणून एकूण ऊर्जेचा आलेख आधी पाहावा. तो कारण नसताना चढत असेल तर घनतेच्या सर्वांत दाट आणि थंड कोपऱ्यातली डिबाय लांबी तपासावी, सरासरीची नव्हे. ऊर्जा राखणाऱ्या किंवा अव्यक्त (इम्प्लिसिट) काळ-पद्धतीत ही अट सैल करता येते, पण मग डिबाय लांबीच्या मापावरचे भौतिक गायब होते आणि शीथ अभ्यासायचा असेल तर ते परवडत नाही.

मॅक्सवेल वितरण नसेल तर तापमानच संदिग्ध होते. सौर वाऱ्यात वेगवान इलेक्ट्रॉनांची लांब शेपटी असते, तिचे वर्णन कप्पा वितरणाने करतात (कप्पा हा आकडा जितका लहान, शेपटी तितकी जड). आच्छादनाचे काम प्रामुख्याने संथ इलेक्ट्रॉन करतात, म्हणून सरासरी ऊर्जेवरून काढलेली डिबाय लांबी खऱ्यापेक्षा मोठी येते. कप्पा ३ असेल तर खरी लांबी त्या हिशेबाच्या ०.७७ पटच असते. अंतराळयानावरच्या अँटेनाने प्लाझ्माचा औष्णिक गोंगाट मोजून घनता आणि तापमान काढताना अँटेना डिबाय लांबीहून लांब असावी लागते, आणि ती किती लांब ठरते हे या ०.७७ सारख्या गुणकावरही अवलंबून असते.