धावणारा थानासिस

दिवसभर चार कामांमागे धावपळ करणाऱ्या माणसाबद्दल ग्रीसमध्ये म्हणतात, ‘वेंगोससारखा पळतोय.’ हा वेंगोस म्हणजे नट आणि दिग्दर्शक थानासिस वेंगोस. आपल्याकडे ग्रीक सिनेमा म्हटला की फिल्म सोसायट्यांत वाढलेल्यांना दिग्दर्शक थिओ अँजेलोपोलसची संथ, धुक्यातली दृश्यं आठवतात. ग्रीक घराघरांत मात्र जीव जडलाय तो या टकल्या, घामाघूम, सतत पळणाऱ्या माणसावर. समोर येईल त्याला तो ‘भल्या माणसा’ अशी हाक मारायचा. त्याच्या विनोदावर पोट धरून हसताना त्यामागचा काळही ठाऊक असावा, असं मला मनापासून वाटतं.

वेंगोसचा जन्म 1927 चा, पिरेयस बंदराला लागून असलेल्या निओ फालिरो वस्तीतला. वडील वीज कारखान्यात कामाला. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांविरुद्धच्या प्रतिकारात ते उतरले आणि पुढे डाव्या विचारांपायी त्यांची नोकरी गेली. 1946 ते 1949 ग्रीसमध्ये यादवी पेटली होती. ज्यांच्यावर डावेपणाचा शिक्का बसला, अशा तरुणांना सक्तीच्या लष्करी सेवेसाठी माक्रोनिसोसला धाडत. लाव्रिओच्या किनाऱ्यासमोरचं हे उघडंबोडकं बेट. राहायला तंबू, वर रणरणतं ऊन नाहीतर सोसाट्याचा वारा, आणि ‘सुधारणे’च्या नावाखाली मारहाण. 1948 ते 1950 वेंगोस तिथे होता. तिथेच त्याची निकोस कुंदूरोसशी गाठ पडली. सुटल्यावर कुंदूरोस दिग्दर्शक झाला आणि 1954 साली ‘मायावी नगरी’ या आपल्या पहिल्याच चित्रपटात त्याने बेटावरच्या या सोबत्याला घेतलं. नाट्यशाळेची पायरी वेंगोस कधी चढला नव्हता. सुरुवातीची काही वर्षं तो छोट्या भूमिका करायचा आणि सेटवरचं सामानसुमानही सांभाळायचा.

साठचं दशक ग्रीक सिनेमाच्या भरभराटीचं. वर्षाला शंभराच्या आसपास चित्रपट निघत. खेड्यांतून अथेन्समध्ये माणसांचा लोंढा येत होता, मिळेल ते काम धरत होता, आणि पडद्यावरचा थानासिस नेमका त्यांच्यातला होता. आज हे काम, उद्या ते, आणि मधल्या वेळेत नुसतं पळणं. जिन्यावरून गडगडणं असो की काच फोडून पलीकडे जाणं, सगळं तो स्वतः करायचा.

1964 मध्ये त्याने स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि पुढे दिग्दर्शनही हाती घेतलं. ‘उघड हेर 000’ (1967) हा त्यातला सगळ्यांत लाडका. त्या वेळच्या हेरपटांची त्यात मनसोक्त खिल्ली आहे. गुप्तहेर गुप्त असतो, म्हणून हा उघड! हेरगिरीच्या शाळेत शिकणाऱ्या थानासिसची त्यातली धडपड आजही ताजी वाटते. पण एकेका दृश्यासाठी जीव टाकणाऱ्या माणसाला हिशेब जमला नाही. कर्ज वाढत गेलं आणि संस्था बुडाली.

एप्रिल 1967 मध्ये लष्कराने सत्ता बळकावली होती. त्या राजवटीतच, 1971 साली, दिनोस कात्सुरीदिसच्या दिग्दर्शनाखाली ‘थानासिस, युद्धात तू काय केलंस?’ आला. गोष्ट जर्मन अंमलाखालच्या, उपाशी अथेन्सची. 1941-42 च्या हिवाळ्यात त्या शहरात माणसं रस्त्यावर भुकेने मेली होती. थानासिसला वीर व्हायचं नाही, त्याला नुसतं जगायचंय, तरी तो भरडला जातो. शहर परक्यांच्या बुटाखाली असल्याची गोष्ट हुकूमशाहीत पाहणाऱ्यांना वेगळं समजावून सांगावं लागलं नाही. थेस्सालोनिकीच्या महोत्सवात वेंगोसला उत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. माझ्या मते हेच त्याचं सर्वांत मोठं काम. इथे हसू आणि भूक वेगळी काढता येत नाहीत.

उतारवयात त्याचं पळणं थांबलं, तेव्हा गंभीर दिग्दर्शक त्याच्याकडे आले. पान्तेलिस वुल्गारिसने 1991 मध्ये ‘ऑगस्टचे शांत दिवस’साठी त्याला बोलावलं. अँजेलोपोलसच्या ‘युलिसिसची नजर’ (1995) मध्ये तो टॅक्सीवाला आहे. अल्बानियातल्या बर्फात तो गाडी थांबवतो आणि ग्रीस मरतोय असं म्हणतो. मग समोरच्या पांढऱ्या पसाऱ्याला ‘तूही एकटा, मीही एकटा’ म्हणत त्याच्याकडे एक बिस्कीट भिरकावतो. आयुष्यभर धावलेला माणूस तिथे नुसता उभा असतो. मला ते दृश्य पाहताना दर वेळी भरून येतं.

2009 मध्ये तो वुल्गारिसच्याच ‘खोल आत्मा’त छोट्या भूमिकेत दिसला. तो चित्रपट 1949 च्या यादवीवर आहे, म्हणजे तो स्वतः माक्रोनिसोसच्या तंबूत होता त्या दिवसांवर. 3 मे 2011 रोजी अथेन्समध्ये तो गेला.