स्थिर हाताचे शास्त्र : बेसबॉलमधील कॅचर आणि पंचाचे डोळे

अमेरिकेतील मेजर लीग बेसबॉलमध्ये २०२६ च्या हंगामापासून पंचाच्या 'स्ट्राइक' किंवा 'बॉल' या निर्णयाविरुद्ध दाद मागण्याची सोय झाली आहे. फलंदाज, पिचर किंवा कॅचर यांपैकी कोणीही निर्णय होताच आपल्या टोपीवर किंवा हेल्मेटवर टपली मारायची, की मैदानाभोवतीच्या कॅमेऱ्यांनी टिपलेला चेंडूचा मार्ग पडद्यावर दाखवला जातो आणि निर्णय कायम राहतो किंवा उलटतो. ही सोय येणार असे ठरल्यापासून 'कॅचरची कला आता संपली' असे विधान वारंवार वाचायला मिळते. आपल्याकडे मात्र वेगळाच गैरसमज रूढ आहे. कॅचर म्हणजे बेसबॉलचा यष्टिरक्षक, फलंदाजाकडून सुटलेला चेंडू अडवणे एवढेच त्याचे काम, असे आपण धरून चालतो. व्यावसायिक कॅचर पंधरा-पंधरा वर्षे ज्या कौशल्यावर उपजीविका करतो, ते या दोन्ही समजुतींच्या नजरेतून सुटते. ते कौशल्य झेल घेण्याचे नसून, झेल घेतल्यानंतर हात हलू न देण्याचे आहे. त्यामागचे भौतिकशास्त्र नववीच्या पुस्तकातलेच आहे, आणि तरीही ते मला फार सुंदर वाटते.

शालेय स्पर्धांत सॉफ्टबॉल खेळलेल्यांना मूळ नियम ठाऊक असतील. पिचर १८.४४ मीटर अंतरावरून चेंडू फेकतो. फलंदाजासमोर जमिनीत बसवलेली 'होम प्लेट' ही पांढरी पंचकोनी पट्टी ४३ सेंटिमीटर रुंद असते. तिच्यावर, फलंदाजाच्या गुडघ्यापासून साधारण छातीच्या मध्यापर्यंत, हवेत एक काल्पनिक चौकट धरलेली असते. फलंदाजाने बॅट फिरवली नाही आणि चेंडू या चौकटीतून गेला तर स्ट्राइक, बाहेरून गेला तर बॉल. तीन स्ट्राइकला फलंदाज बाद होतो आणि चार बॉलला त्याला पहिला बेस, म्हणजे धावण्याच्या मार्गावरचा पहिला टप्पा, फुकट मिळतो. क्रिकेटमध्ये यष्टी प्रत्यक्ष उभ्या असतात, बेल्स पडतात आणि वाद मिटतो. इथे चौकट दिसत नाही, तिला काही लागत नाही आणि काही पडतही नाही. कॅचरच्या पाठीमागे वाकून उभ्या असलेल्या पंचाला केवळ डोळ्यांच्या भरवशावर निवाडा करावा लागतो.

या डोळ्यांपुढे किती वेळ असतो ते पाहू. ताशी १५३ किलोमीटर वेगाने सुटलेला चेंडू सुमारे ०.४ सेकंदात प्लेटपाशी पोहोचतो. हवेच्या रोधामुळे तोवर त्याचा वेग ताशी १४० किलोमीटरच्या, म्हणजे सेकंदाला ३९ मीटरच्या आसपास उतरलेला असतो. प्लेटची लांबीही ४३ सेंटिमीटरच आहे, त्यामुळे चेंडू तिच्यावर जेमतेम ११ मिलिसेकंद असतो. पापणी लवायला याच्या दहापट वेळ लागतो. त्यानंतर दोन-तीन फुटांवर कॅचरचे मिट, म्हणजे त्याचा कातडी हातमोजा, असते आणि तेथे चेंडू थांबतो. पंचाला ज्या क्षणाबद्दल निर्णय द्यायचा तो क्षण त्याला सुटा असा दिसतच नाही. त्याच्या नजरेत ठसते ते चेंडू थांबल्यानंतरचे मिट. आपला मेंदू एखाद्या क्षणाचे चित्र त्या क्षणी गोठवून ठेवत नाही, तर पुढच्या काही दशांश-शतांश सेकंदांत आलेली माहितीही त्या चित्रात मिसळतो, हे दृष्टिसंवेदनेवरील प्रयोगांतून दिसले आहे. मिट चौकटीच्या कडेवर स्तब्ध राहिले तर चेंडू कडेवरून आला असे वाटते. तेच मिट झेलानंतर चार बोटे खाली ओढले गेले, तर तोच चेंडू खालून गेल्यासारखा भासतो. कडेवरचा चेंडू स्ट्राइकसारखा दिसेल अशा रीतीने झेलण्याच्या या विद्येला खेळाडू 'फ्रेमिंग' म्हणतात.

आता प्रश्न असा, की मिट खाली का ओढले जाते? बेसबॉलच्या चेंडूचे वस्तुमान सुमारे १४५ ग्रॅम असते. सेकंदाला ३९ मीटर वेगाने येताना त्याची गतिज ऊर्जा ११० ज्यूल भरते. एक किलोचा दगड ११ मीटर उंचीवरून पडावा तेवढी. हा चेंडू दहा सेंटिमीटरमध्ये थांबवायचा तर हातावर सरासरी १,१०० न्यूटन बल येते. झेल घेताना हात मागे घेतल्यास हे बल कमी होते, हे क्रिकेटपटूच्या उदाहरणाने आपल्याला शाळेतच शिकवलेले असते, आणि कॅचरही चेंडूच्या रेषेत हात थोडा मागे येऊ देतो. पंच नेमका त्या रेषेच्या टोकाशी उभा असल्यामुळे ही हालचाल त्याच्याच दिशेने होते आणि त्याला फारशी जाणवत नाही. जाणवते ती आडवी आणि उभी हालचाल. म्हणून बल सोसण्यापेक्षा त्या दोन दिशांचा संवेग सांभाळणे हाच कॅचरपुढचा खरा प्रश्न आहे.

चौकटीच्या खालच्या कडेवर उतरणारा एक कर्व्हबॉल, म्हणजे फिरकीमुळे खाली वळणारा चेंडू, घेऊ. तो प्लेटपाशी सेकंदाला ३२ मीटर वेगाने आणि सुमारे १० अंशांच्या उताराने येतो, असे धरू. त्याच्या वेगाचा खालच्या दिशेचा घटक सेकंदाला ५.५ मीटर होतो आणि त्या दिशेचा संवेग ०.१४५ गुणिले ५.५, म्हणजे ०.८ किलोग्रॅम-मीटर प्रतिसेकंद. मिट, पंजा आणि पुढचा हात मिळून तीन किलो वस्तुमान धरले, तर संवेग अक्षय्यतेच्या नियमानुसार स्थिर धरलेला हात झेलानंतर सेकंदाला साधारण २५ सेंटिमीटर वेगाने खाली जाऊ लागेल. स्नायूंना सावरायला सेकंदाचा दहावा भाग लागला, तर तेवढ्यात मिट अडीच सेंटिमीटर उतरेल. चेंडूचा व्यास ७.३ सेंटिमीटर असल्यामुळे ही घसरण चेंडूच्या तिसऱ्या हिश्श्याएवढी झाली. ती खपून जाऊ शकते.

परंतु हात स्थिर नसतो. कॅचर मिट छातीपुढे धरून बसला असेल, तर खाली येणाऱ्या चेंडूला गाठण्यासाठी त्याला हात घाईने खाली न्यावा लागतो. हा वेग सेकंदाला केवळ एक मीटर धरला, तरी हाताचा स्वतःचा संवेग ३ होतो, चेंडूच्या ०.८ च्या जवळजवळ चौपट. दोन्ही एकाच दिशेचे असल्यामुळे त्यांची बेरीज होते आणि तेवढ्याच दहाव्या भागात मिट बारा सेंटिमीटर खाली जाते. पंचाच्या डोळ्यांत चेंडू मातीकडे गेलेला असतो. मिट खाली ओढण्याचा दोष आपण चेंडूला देतो, पण मोठा वाटेकरी कॅचरचा स्वतःचा हात असतो.

यावरचा उपाय कॅचरांनी कागदावर गणित मांडून शोधलेला नाही, तरी तो गणितात नेमका बसतो. मिट आधी जमिनीलगत न्यायचे आणि चेंडू येताना ते खालून वर आणायचे. तीन किलोचा हात झेलाच्या क्षणी सेकंदाला साधारण २७ सेंटिमीटर या संथ वेगाने वर येत असेल, तर त्याचा वरच्या दिशेचा संवेग ०.८ होतो. चेंडूचा ०.८ खाली आणि हाताचा ०.८ वर असल्यामुळे बेरीज शून्य येते आणि मिट झेलाच्या जागीच थांबते. मी अशा झेलांचे चित्रण अगदी संथ गतीने पुन्हा पुन्हा पाहिले आहे. मिटचे तोंड क्षणभर मातीला टेकते, मग वर उचलले जाते, कातड्याच्या कप्प्यात चेंडू शिरताना मनगट किंचित दबते आणि त्यानंतर चित्र थिजल्यासारखे वाटते. एक गुडघा जमिनीवर टेकून बसण्याची पद्धत गेल्या दशकात सर्वत्र पसरली, ती मुख्यतः हात असा खालून आणता यावा म्हणूनच.

या सगळ्याला पूर्वज्ञानाची अट आहे. डोळ्याने पाहून हाताची दिशा सुधारायला किमान सेकंदाचा दहावा ते पाचवा भाग लागतो आणि तेवढ्यात चेंडू चार ते आठ मीटर पुढे गेलेला असतो. म्हणून कोणता चेंडू येणार हे कॅचरला आधी माहीत असावेच लागते. पूर्वी तो पायांच्या मध्ये बोटांच्या खुणा करून पिचरला चेंडू सुचवत असे. २०२२ पासून मनगटावरच्या किंवा गुडघ्याजवळच्या पट्ट्यावरील बटणे दाबून हा निरोप इलेक्ट्रॉनिक साधनाने जातो. निरोपात गोंधळ झाला, तर उत्तमातला उत्तम कॅचरही मग चेंडू हुकवतो.

या कौशल्याची किंमत मोजता येऊ लागली ती मैदानातील कॅमेरे २००८ पासून प्रत्येक चेंडूचा मार्ग नोंदवू लागल्यानंतर. बॉल ठरणारा एक चेंडू स्ट्राइक ठरला तर त्याचे मोल सरासरी ०.१३ धावेच्या आसपास निघते. हे क्षुल्लक वाटते, पण एका सामन्यात कॅचरकडे दीडशेच्या घरात चेंडू येतात. सामन्यागणिक असे दोनच चेंडू जास्त मिळाले, तर १२० सामन्यांत तीसएक धावा वाचतात आणि दहा धावांना एक विजय या प्रचलित हिशेबाने तीन विजय पदरात पडतात.

होसे मोलिना या प्वेर्तो रिकोच्या कॅचरची कारकीर्द या आकड्यांखेरीज समजतच नाही. १९९९ ते २०१४ दरम्यान तो पंधरा हंगाम खेळला, त्याची फलंदाजीची सरासरी अवघी ०.२३३ होती (म्हणजे हजार प्रयत्नांत २३३ यशस्वी फटके) आणि धावण्यात तो अतिशय संथ होता. तरीही संघ त्याला एकोणचाळिसाव्या वर्षापर्यंत घेत राहिले, कारण २०११ नंतर झालेल्या विश्लेषणांत फ्रेमिंगमध्ये त्याचे नाव सातत्याने अग्रभागी आले. त्याचे दोन्ही भाऊही कॅचर होते. थोरला बेंजी, आणि धाकटा याडिएर, जो २००४ ते २०२२ अशी सर्व वर्षे सेंट लुईस कार्डिनल्स या एकाच संघाकडून खेळला आणि ज्याने २,१८४ सामन्यांत हे स्थान सांभाळले. तिघांनीही वर्ल्ड सिरीज, म्हणजे मेजर लीगची अंतिम विजेतेपदाची मालिका, जिंकली आहे.

इतकी दीर्घ कारकीर्द सर्वांच्या वाट्याला येत नाही. बॅटला निसटते लागून आलेला चेंडू मुखवट्यावर आदळतो तेव्हा मुखवटा चेहरा वाचवतो, पण डोक्याला बसलेला धक्का मेंदूपर्यंत जातो. तीन वेळा फलंदाजीचे विजेतेपद मिळवलेल्या 'जो मावर' या कॅचरला ऑगस्ट २०१३ मध्ये अशा चेंडूने मेंदूला इजा झाली आणि तो पुन्हा कॅचर म्हणून नियमित खेळला नाही. पुढची वर्षे त्याने पहिल्या बेसवर काढली. बस्टर पोझी या कॅचरचा पाय मे २०११ मध्ये होम प्लेटकडे धावत आलेल्या खेळाडूच्या धडकेत मोडला. तो सावरून २०१२ चा सर्वोत्तम खेळाडू ठरला आणि अशा धडकांवर २०१४ मध्ये नियमाने निर्बंध आले.

दुखणे जिथे रोजचे असते तिथे भोंदू उपायांना गिऱ्हाईक मिळते. या शतकाच्या पहिल्या दशकात अनेक बेसबॉलपटू गळ्यात टायटॅनियमयुक्त दोरे घालत, कारण ते 'शरीरातील विद्युतप्रवाहाचा समतोल राखतात' असा विक्रेत्यांचा दावा होता. सांधेदुखीवर तांब्याचे कडे घालणे आणि हे दोरे घालणे यांत मला काहीच फरक दिसत नाही. त्वचेवर लटकणारा निष्क्रिय धातू स्नायूंतील विद्युतसंदेशांवर कोणत्या मार्गाने परिणाम करणार, याचे उत्तर एकाही विक्रेत्याने दिलेले नाही. गुडघ्यांना उपयोग होतो तो बळकट मांड्यांचा, विश्रांतीच्या दिवसांचा आणि अधूनमधून दुसऱ्या स्थानावर खेळण्याचा.

आता मूळ बातमीकडे येतो. दक्षिण कोरियाच्या व्यावसायिक लीगने २०२४ पासून प्रत्येक चेंडूचा निर्णय यंत्रावर सोपवला आहे आणि तेथे फ्रेमिंगला खरोखरच अर्थ उरलेला नाही. अमेरिकेत तसे झालेले नाही. प्रत्येक संघाला सामन्यात दोनच दादी मिळतात. दाद योग्य ठरली तर ती शिल्लक राहते, चुकली तर जाते. उरलेले सारे निर्णय पंचाच्या डोळ्यांनीच होत असल्यामुळे मिट खालून वर आणणे पूर्वीइतकेच मोलाचे आहे. शिवाय कॅचरकडे नवे काम आले आहे. २०२५ च्या सरावसामन्यांत ही पद्धत आजमावली गेली, तेव्हा कॅचरांनी मागितलेल्या दादींपैकी ५६ टक्के, फलंदाजांच्या ५० टक्के आणि पिचरांच्या ४१ टक्के यशस्वी झाल्या. चेंडूच्या रेषेत डोळे ठेवून बसणारा खेळाडू तोच असल्यामुळे हे अपेक्षितच होते. परंतु त्याची अडचणही तेथेच आहे. ज्या हाताने चेंडू कडेच्या आत दाखवायचा त्याच हाताकडे त्याचे स्वतःचे डोळेही लागलेले असतात, आणि हेल्मेटवर टपली मारायची की नाही हे ठरवायला त्याच्यापाशी दोन सेकंदही नसतात. तेवढ्यात त्याला थांबलेले मिट विसरून, प्लेटवरचे ते ११ मिलिसेकंद आठवावे लागतात.