गेम आयडी (प्लेस्टेशन २)

सोनीच्या प्लेस्टेशन २ या गेम कन्सोलच्या प्रत्येक अधिकृत डिस्कला चार अक्षरे आणि पाच अंकांचा एक ओळखक्रमांक असतो, तो गेम आयडी. डिस्कवरील मुख्य प्रोग्राम फाइलचे नावही त्यावरूनच पडते. त्यामुळे मॉडिंग, म्हणजे गेममध्ये किंवा कन्सोलमध्ये स्वतः फेरफार, करणाऱ्याच्या लेखी गेमच्या नावापेक्षा आयडीला जास्त किंमत.

'ग्रँड थेफ्ट ऑटो: सॅन अँड्रियास'च्या (२००४) अमेरिकी डिस्कचा आयडी एसएलयूएस-२०९४६, युरोपीय डिस्कचा एसएलईएस-५२५४१. यातले दुसरे अक्षर एल असेल तर गेम सोनीच्या परवान्याने दुसऱ्या कंपनीने काढलेला. सी असेल तर खुद्द सोनीचा, जसा 'गॉड ऑफ वॉर', एससीयूएस-९७३९९. तिसऱ्या अक्षरावरून प्रदेश कळतो: यू अमेरिका, ई युरोप, पी जपान.

खोक्यावर आयडीत आडवी रेघ असते. डिस्कवर मात्र तोच आयडी एसएलयूएस_२०९.४६ असा दिसतो आणि नवखे इथेच गोंधळतात. डिस्कची फाइलरचना आयएसओ ९६६० या मानकाची आहे. त्याच्या मूळ नियमानुसार फाइलच्या नावात मोठी रोमन अक्षरे, अंक आणि अधोरेषा एवढेच चालते; टिंबाआधी जास्तीत जास्त आठ चिन्हे, टिंबानंतर तीन. आडव्या रेघेच्या जागी म्हणून अधोरेषा, आणि आठ जागा भरल्यावर उरलेले दोन अंक टिंबापलीकडे. तो ४६ म्हणजे फाइलचा प्रकार नव्हे. कन्सोल सुरू होताना 'सिस्टम.सीएनएफ' ही छोटी मजकूर फाइल वाचतो आणि तिच्यातल्या 'बूट२' या ओळीत जिचे नाव असेल ती फाइल चालवतो.

ओपन पीएस२ लोडर हा डिस्कशिवाय गेम चालवणारा प्रोग्राम. त्याच्या जुन्या पद्धतीत आयएसओ फाइलच्या, म्हणजे डिस्कच्या पूर्ण प्रतीच्या, नावाची सुरुवात आयडीनेच करावी लागे. मुखपृष्ठाची चित्रे आणि प्रत्येक गेमची सेटिंग्ज आयडीच्याच नावाने शोधली जातात. एक टिंब चुकले तरी चित्र येत नाही, आणि का येत नाही हे कोणी सांगत नाही. मेमरी कार्डावरील सेव्ह (जतन केलेल्या खेळाच्या) फोल्डरच्या नावातही आयडी असतो, त्याआधी अमेरिकेसाठी बीए आणि युरोपसाठी बीई. अमेरिकी सेव्ह युरोपीय डिस्कला सहसा सापडत नाही तो यामुळे.

चीट कोड आणि पॅच, म्हणजे चालू गेमच्या मेमरीत बदल करणाऱ्या ओळी, यांच्या बाबतीत मात्र नुसता आयडी पुरत नाही. एकाच आयडीखाली दुरुस्त आवृत्ती निघाली की मेमरीतले पत्ते सरकतात आणि जुना पॅच भलत्याच जागी लिहितो. म्हणून पीसीएसएक्स२ हा एम्युलेटर (संगणकावर प्लेस्टेशन २ चे गेम चालवणारा प्रोग्राम) मुख्य प्रोग्रामवरून काढलेला आठ अंकी षोडशमान सीआरसी, म्हणजे आवृत्ती ओळखणारा पडताळा आकडा, हादेखील पॅच जुळवताना वापरतो.